सिंहाच्या पाया पडलो, नारायण पेठेत

पुणं बघायला म्हणून मी गेलोच नव्हतो. थोरला भाऊ यशवंत, म्हणजे आमचा दादा, त्याला घरी घेऊन यायला गेलो होतो. पण परत आल्यापासून पाड्यावर जो तो विचारतो, काय बघितलंस? आणि मी सांगायला लागलो की ऐकणाऱ्याचा घास हातातच राहतो. शेवटी आश्रमशाळेतले गुरुजी म्हणाले, "काशिनाथ, दरवेळी वेगळं सांगण्यापेक्षा एकदाच लिहून काढ." माझी शाळा सातवीत सुटली. तेव्हा वाचताना सांभाळून घ्या.

आधी आमचं सांगतो, नाहीतर पुण्यात माझी एवढी का टरकली ते कळणार नाही. मोखाड्याच्या डोंगरात आमच्याकडे बोहाडा होतो. कागदाच्या लगद्याचे देवांचे मुखवटे चेहऱ्याला बांधून माणसं संबळाच्या तालावर नाचतात. त्याला आम्ही सोंग म्हणतो, पण ते नाटक नव्हे. मुखवटा बांधला की तो माणूस आपल्यातला राहत नाही. गणपतीचं सोंग एका घराचं, मारुतीचं दुसऱ्या घराचं, आणि नृसिंहाचं आमच्या घराचं. आजा नाचवायचा, मग बाप, मग दादा. मी पुढे टेंभा धरून उजेड दाखवायचो. सिंहाचं तोंड लावणाऱ्याचे नेम कडक. जमिनीवर निजायचं, मटण-दारूला शिवायचं नाही, आणि दुसरं कुठलंही तोंड चेहऱ्याला लावायचं नाही. मुखवटा दुरडीत घालून आढ्याला टांगलेला असतो. खाली काढला तर पाटावरच ठेवायचा, तोही आभाळाकडे बघत.

नृसिंह निघतो दिवेलागणीला, ना दिवस ना रात्र अशा वेळी. हिरण्यकश्यपूला फाडला तरी त्याचा राग उतरत नाही. तो नाचतच राहतो. मग त्या घरातलं लहान पोर पुढे येतं आणि मुखवट्याच्या नाकावर हात ठेवतं. तो प्रल्हाद. तेव्हाच सिंह खाली बसतो.

दोन वर्षांमागे हा मान दादाच्या पोराचा, बाळ्याचा होता. तो समोर आला, मुखवट्याकडे बघितलं आणि असा किंचाळत पळाला की आईच्या पदरातून निघेना. नृसिंह शांत झालाच नाही. दादाला चारपाच गड्यांनी धरून मुखवटा ओढून काढावा लागला. गावात कुजबुज झाली. त्यानंतर दादा पुण्याला गेला तो गेलाच. मागच्या वर्षी आमचं सोंग निघालं नाही. या वर्षी बोहाड्याचे कारभारी घरी येऊन आईला म्हणाले, "म्हातारे, यंदाही निघालं नाही तर तोंड खालच्या पाड्याला द्यावं लागंल." आईनं मला भाकऱ्या बांधून दिल्या. म्हणाली, "त्याला घेऊनच ये."

स्वारगेट

एसटीतला प्रवास सांगत नाही, कारण बहुतेक वेळ मी पिशवी पोटाशी धरून चोराची वाट बघत होतो आणि चोर आला नाही. स्वारगेटला उतरलो आणि पहिला धक्का बसला तो गणपतीचा. हत्तीचं तोंड नि माणसाचं अंग म्हणजे आमच्याकडे वर्षातून एकदा दिसणारी गोष्ट, तीसुद्धा उपाशी पोटी बघायची. इथे तो रिक्षाच्या काचेवर होता, पोरींच्या पिशवीवर होता, पाण्याच्या टँकरवर होता. एका पाटीवर तर तो खुर्चीत बसून फोनवर बोलत होता. मी प्रत्येकाला हात जोडत गेलो. रस्ता ओलांडेपर्यंत हात दुखायला लागले.

रिक्षावाल्यानं पत्त्याचा कागद वाचला, मला नीट बसवलं आणि वाटेत विचारलं, "पहिल्यांदा आलाय का?" मी म्हटलं, "कसं ओळखलं?" तो म्हणाला, "सिग्नलला नमस्कार केलात." भला माणूस. दुकानाच्या गल्लीच्या तोंडाशी सोडलं आणि कुठे वळायचं ते उतरून दाखवलं.

नारायण पेठ

गल्लीत एक चहा-कॉफीचं दुकान होतं. त्याच्या भिंतीवर माणसाएवढं चित्र. अंगात कोट, हातात कप, डोळ्यांवर चष्मा आणि धडावर हरणाचं डोकं, शिंगांसकट. माझे पाय जागीच थांबले. मारुती माहीत आहे, वराह माहीत आहे, हा कोण? कापडी पिशवी घेतलेले एक म्हातारे गृहस्थ चालले होते. त्यांना विचारलं, "आजोबा, हा कोणता देव?"

त्यांनी चित्राकडे बघितलं, मग माझ्याकडे बघितलं. "देव नाही, गिऱ्हाईक आहे. तीन वर्षं एकाच कपावर बसलंय."

तरी मी नमस्काराचा हात कपाळाला लावला. न लावून चुकण्यापेक्षा लावून चुकलेलं बरं.

पुढे वळलो तर लहान मुलांच्या कपड्यांचं दुकान. हाच पत्ता. आणि दारात सिंह उभा.

खरं सांगतो, माझ्या तोंडचं पाणी पळालं. दोन पायांवर उभा, माणसाच्या उंचीचा, सगळं अंग पिवळं केसाळ, डोक्याभोवती आयाळ आणि भलंमोठं तोंड उघडलेलं. भर दुपारचं ऊन. आजूबाजूला पाट नाही, संबळ नाही, टेंभा नाही आणि लोक त्याच्या बाजूनं मजेत ये-जा करताहेत! मी पिशवी खाली ठेवली, चपला काढल्या आणि रस्त्यातच सिंहाच्या पायांवर डोकं टेकलं.

सिंह दचकला. एक पाऊल मागं सरला. मग वाकून त्यानं दोन्ही पंजांनी मला उठवलं आणि छातीशी धरलं. बराच वेळ सोडेना. मला रडूच फुटायचं बाकी होतं.

चपला हातात घेऊन मी तसाच आत गेलो. गल्ल्यावर चष्मा कपाळावर चढवलेले मालक बसले होते. मी म्हटलं, "यशवंत इथं कामाला आहे ना? मी त्याचा धाकटा भाऊ."

"आहे की."

"कुठं भेटेल?"

"अहो, आत्ता त्याच्या पाया पडून आलात. अजून किती भेटायचंय?"

मी वळून दाराकडे बघितलं. सिंह एका बारक्या पोराला हात हलवून दाखवत होता, कानाशी पंजा नेऊन बोटं उघडमीट करत. दादा घरी फोनवर सांगायचा, दुकानात आहे, पब्लिकचं काम आहे. आईला वाटायचं तो कापड मोजून देतो.

"मग बोलला का नाही माझ्याशी?"

"ड्युटीवर सिंह बोलत नाही," मालक म्हणाले. "एक वाजता दुकान बंद होतं. मग काय गर्जना करायच्यात त्या करा. तोवर बसा. आणि चपला दाराशी ठेवून पाय पुसा, फरशी आत्ताच पुसलीय."

त्यांनी मला पंख्याखालची जागा दिली आणि चहा मागवला. बोलणं तिखट, पण चहात साखर भरपूर होती. तो उपकार मी विसरणार नाही.

एक वाजता दादा मागच्या बोळात आला आणि त्यानं डोकं उतरवलं. आत माझा दादा, घामानं भिजलेला, केस कपाळाला चिकटलेले. मी त्याला बघून हसणार, तेवढ्यात त्यानं सिंहाचं डोकं जमिनीवर उलटं ठेवलं, आयाळ खाली, मान वर. आणि त्या मानेच्या भोकात स्वतःचा डबा नि पाण्याची बाटली ठेवली.

"दादा! अरे, तोंड!"

"काय झालं?"

"उलटं ठेवलंस. जमिनीवर. आणि त्यात डबा."

"अरे, हे तोंड नाही. ड्रेसचं डोकं आहे. उलटं ठेवलं की आतला घाम वाळतो."

"नेम काय होता आपला? दुसरं तोंड लावायचं नाही."

दादानं डबा उघडला, अर्धी पोळी मला दिली आणि म्हणाला, "जेव आधी."

धायरी

मालकांनी दादाला संध्याकाळची सुट्टी दिली. त्याची खोली धायरीला. गाव कधी शहरात शिरलं ते गावालाही कळलं नसावं. उंच इमारतींच्या मध्येच एक गोठा, त्यात दोन म्हशी. खोलीची मालकीण आक्का त्याच घरातली. मी आलोय कळल्यावर तिनं पिठलं-भाकरी नि ठेचा पाठवला. वर स्वतः येऊन उभी राहिली.

"खावा पाव्हणं, लाजू नगा. तुमचा भाऊ लई गुणाचा हाय. आमच्या नातीनं सिंव्हासंगं फोटू काढलाय, त्यो भिंतीला लावलाय बगा, देवाच्या शेजारी."

मला ठसका लागला. आक्कानं पाणी दिलं आणि म्हणाली, "ठेचा तिखट हाय व्हय?" मी हो म्हटलं.

जेवल्यावर गच्चीवर बसलो. ऊन कलत होतं. मी कारभाऱ्यांचा निरोप सांगितला, आईचा सांगितला. यंदा नाही आलास तर तोंड खालच्या पाड्याला जाईल, हेही सांगितलं.

दादा म्हणाला, "जाऊ दे."

मला ऐकू आलं ते खरं वाटेना. "आज्याचं तोंड आहे ते!"

"काशा, त्या दिवशी सोंग उतरवून मी घरी आलो. तोंड धुतलं, अंघोळ केली. बाळ्याला हाक मारली तर तो कणगीमागं लपला. मी म्हटलं, अरे, मी बाबा. तर म्हणतो कसा, नाही, तू आत आहेस. पुढं महिनाभर माझ्या हातचं पाणी प्यायला नाही. इथं आलो तेव्हा मिळेल ते काम धरलं, तर पहिल्याच दिवशी एक पोर धावत आलं आणि पायाला मिठी मारून बसलं. सिंहाला! मी आत रडलो बघ. बाहेर दिसत नाही ते एक बरं असतं."

"मग सोंग?"

"मला आता कुणी भ्यायलेलं बघवत नाही. आणि ज्याला कुणी भीतच नाही असा नृसिंह कोण नाचवणार? तूच सांग."

रस्त्यावरच्या गाड्यांचे दिवे लागायला लागले होते. गावी ही आमच्या सोंगाची वेळ.

मंडई

तिसऱ्या दिवशी दुकानात बसलो होतो. परतीची एसटी दुसऱ्या दिवसाची होती आणि दादा काही हलत नव्हता. पाडव्याची खरेदी, गर्दी आणि ऊन असं की डांबर मऊ झालेलं. दुपार टळल्यावर दारात धप्पकन आवाज झाला. सिंह खाली बसला होता, डोकं एका बाजूला कलंडलेलं.

मालक माझ्याआधी पोचले. डोकं काढलं, दादाला आत आणून कपड्यांच्या गठ्ठ्यांवर निजवलं, पंखा त्याच्याकडे फिरवला. मला म्हणाले, "मंडईत जा, लिंबं घेऊन या. पळा. आणि वाटेत कुणाच्या पाया पडू नका."

मी धावलो. मंडईची ती दगडी इमारत, वर मनोरा, मला वाटलं देऊळच असणार, पण आत बघतो तर कोबी नि गवार. लिंबं विकणाऱ्या मावशीला धापा टाकत सांगितलं, "लवकर द्या, सिंहाला चक्कर आलीय." तिनं डोळे वर न करता लिंबं निवडली आणि विचारलं, "पातळ सालीची देऊ का?" पुण्यात कशाचं कुणाला नवल नाही, हे मला त्या दिवशी पटलं.

पुन्हा नारायण पेठ

सरबत पिऊन दादाला तरतरी आली, पण उभं राहवेना. समोरच त्या दिवशी नव्या दुकानाचं उद्घाटन होतं. मांडव घातलेला, माणसं जमलेली. मालक दाराकडे बघून म्हणाले, "आजच नेमका सिंह आडवा. सगळी पोरं आता समोर जाणार."

मी दादाकडे बघितलं. मालकांनी स्वतःच्या हातानं त्याला निजवून पंखा त्याच्याकडे फिरवला होता. माझ्या तोंडून निघून गेलं, "मी घालतो."

"अनुभव?"

"गावी टेंभा धरतो."

"इथं वीज आहे," मालक म्हणाले. "घाला."

दादा गठ्ठ्यांवरून म्हणाला, "काशा, नेम?" मी म्हटलं, "तूच म्हणालास, ड्रेस आहे."

म्हणालो खरा, पण डोकं घालायच्या आधी त्याला हात जोडले. आत दादाच्या घामाचा वास. डोळे सिंहाचे वेगळे नि माझे वेगळे. बघायचं ते तोंडातल्या जाळीतून, नाकाच्या खालून. आमच्या मुखवट्यातूनही असंच बघतात असं दादा सांगायचा. मी दारात उभा राहिलो. पोरं आली. एकानं शेपूट ओढली, एकीनं पोटावर डोकं टेकलं. मी कानाशी पंजा नेऊन हलवला. सोपं होतं. आत मला हसू येत होतं.

आणि समोर संबळ वाजला.

उद्घाटनाला त्यांनी संबळ-पिपाणीवाले आणले होते. हल्ली शहरात तशी हौस आहे म्हणे. पण मला ते माहीत नव्हतं. मला इतकंच कळलं की ऊन उतरलंय, सिंहाचं तोंड माझ्या चेहऱ्यावर आहे आणि संबळ घुमतोय. माझा उजवा पाय उचलला गेला. तो मी उचलला नाही.

इतकी वर्षं टेंभा धरून मी दादाच्या पुढं उलट्या पावलांनी चाललो होतो. त्याचं एकेक पाऊल माझ्या डोळ्यांसमोर पडलेलं. ते सगळं माझ्या पायांत होतं, आणि मला त्याचा पत्ता नव्हता. मी रस्त्यात उतरलो. पंजे ताणले, मान फिरवली, गिरक्या घेतल्या. स्कूटरी थांबल्या. जाळीतून मला दिसत होतं, शेपूट ओढणारं पोर तोंड वासून मागं सरकतंय, एक बाई पिशव्या टाकून पोराला उचलतेय. कुणीतरी ओरडलं, "अरे, याला काय झालं?" कुणी मोबाइल धरला. संबळवाल्यानं माझ्याकडे बघितलं आणि वाजवणं बदललं, जलद केलं. तो आमच्याच बाजूचा असणार. त्याला कळलं होतं काय चाललंय.

भीती ही, की आता थांबायचं कसं? नृसिंह आपला आपण थांबत नाही. कुणीतरी लहान पुढं यावं लागतं, आणि सगळी लहानं तर पळाली होती. मला बाळ्या आठवला. श्वास पुरेना. दादाला धरलं तसं मलाही आता धरून ओढतील, आणि या शहरात तर मला ओळखणारंही कुणी नाही.

तेवढ्यात गर्दीतून एक मुलगी आली. दोन वेण्या, हातात अर्धी खाल्लेली काकडी. तिची आजी मागून ओरडत होती, "अगं सई, मागं ये! तो नेहमीचा नाहीये!" मुलगी थांबली नाही. मी पंजे ताणून वाकलो होतो, ती सरळ माझ्यासमोर आली, टाचा उंचावल्या आणि सिंहाच्या नाकावर तळवा ठेवला.

"बास," ती म्हणाली. "दमलास ना? खाली बस."

मी बसलो. रस्त्यातच मांडी घातली. संबळ थांबला. इतकी माणसं, पण मला माझाच श्वास ऐकू येत होता. सईनं उरलेली काकडी जाळीच्या कडेच्या फटीतून आत सारली. मी ती खाल्ली.

आत नेल्यावर मालकांनी पाण्याचा तांब्या पुढं केला. "पुढच्या वेळी आधी कल्पना देत जा," ते म्हणाले. "मी गल्ल्याखाली होतो."

दादा गठ्ठ्यांवर उठून बसला होता. त्यानं सगळं काचेतून बघितलं होतं. तो माझ्या पायांकडेच बघत होता. मग म्हणाला, "शेवटची गिरकी डावीकडून असते."

"मग ये आणि दाखव," मी म्हटलं.

दादानं मालकांकडे बघितलं. मालकांनी चष्मा पुसला. "न्या. पण परत पाठवा. मला नाचणारा नकोय, मिठी मारणारा हवाय."

दुसऱ्या दिवशी स्वारगेटला आम्ही दोघं एसटीत बसलो. आक्कानं ठेचा बांधून दिला होता.

घरी

आईला मी सगळं सांगितलं. नेम मोडला, दुसरं तोंड लावलं, तेही सांगितलं, आणि शिव्या खायला खाली मान घालून बसलो. आई तांदूळ निवडत होती. तिनं विचारलं, "कुणाचं तोंड होतं?"

"सिंहाचं."

"मग दुसरं कुठं झालं?"

आणि तिनं तांदळातला खडा काढून फेकला.

या वर्षी नृसिंह मी नाचवला. दादा टेंभा घेऊन पुढं होता, उलट्या पावलांनी, आणि बाळ्या त्याच्या खांद्यावर. डावीकडून शेवटची गिरकी घेऊन मी समोर उभा राहिलो, तेव्हा मुखवट्याच्या नाकाखालून मला बाळ्याचा चेहरा दिसला. ओठ थरथरत होते. दोन्ही हातांनी त्यानं बापाचे केस गच्च धरलेले. मला वाटलं, गेलं.

दादानं टेंभा एका हातात घेतला. दुसरा हात कानाशी नेला आणि बोटं उघडमीट केली, दुकानाच्या दारात करायचा तशी. सगळ्या गावासमोर, नृसिंहाच्या पुढ्यात. बायकांनी तोंडाला पदर लावले.

बाळ्यानं बापाच्या हाताकडे बघितलं, मग माझ्याकडे. केस सोडले, खांद्यावरून वाकला आणि त्याचा हात माझ्या नाकावर येऊन टेकला.

सोंग उतरल्यावर कारभारी दादाजवळ आले. म्हणाले, "यशवंता, टेंभेवाल्यानं हात हलवायचा नसतो."

दादा म्हणाला, "सवय लागलीय, काका."